हबशी कोणाचे?

कॅलिफोर्नियातल्या सांता क्लारा विद्यापीठाच्या आवारात मधोमध एक चर्च उभं आहे. पांढऱ्या भिंती, लाल कौलं, पुढे गुलाबाचे वाफे. १२ जानेवारी १७७७ रोजी स्पॅनिश पाद्र्यांनी इथे मिशन स्थापन केलं. जुन्या इमारती पुरात, भूकंपात आणि आगीत गेल्या; आत्ताचं चर्च १९२८ मधलं. त्याच १७७७ च्या नोव्हेंबरात ग्वाडालूपे नदीच्या पलीकडे सॅन होजे हे गाव वसवलं गेलं. गावकरी प्रार्थनेला नदी ओलांडून सांता क्लाराला येत. त्यांच्या डोक्यावर सावली असावी म्हणून वाटेच्या दोन्ही अंगांना विलोची झाडं लावली गेली. लावणारे हात अर्थातच इथल्या मूळच्या ओलोनी लोकांचे. ती वाट आज ‘द अलमेडा’ या नावाचा मोठा रस्ता आहे. पुढे तीच एल कमिनो रेआल होते आणि तिथे आपली किराणा मालाची दुकानं, डोशाची हॉटेलं, साड्यांची दुकानं लागतात. सांता क्लारात राहणाऱ्या मराठी माणसाच्या पायाखालचा हा रस्ता.

या रस्त्याने प्रार्थनेला येणारी माणसं कोण होती? गोरी, उंच, टोपीत पीस खोवलेली स्पॅनिश मंडळी, असं चित्र मनात येतं. ते खरं नव्हे. ही बहुतेक गरीब कुटुंबं होती, आजच्या मेक्सिकोतल्या सिनालोआ आणि सोनोरा भागातली. हुआन बाउतिस्ता दे आंझा याच्या तांड्याबरोबर १७७५-७६ मध्ये वाळवंट तुडवत ती आली. १७९० साली स्पॅनिश सरकारने खानेसुमारी केली. प्रत्येक कुटुंबप्रमुखाचं नाव, वय, जन्मगाव आणि शेवटी जात. एस्पान्योल, मेस्तिसो, इंदिओ, मुलातो. मुलातो म्हणजे ज्याच्या रक्तात आफ्रिका आहे तो. सॅन होजेच्या यादीत फेलिपे तापिया नावाचा एक शिपाईगडी आहे. त्याच्यापुढे लिहिलंय : मुलातो.

जॅक फोर्ब्स या इतिहासकाराने १९६० च्या दशकात या याद्या चाळल्या. त्याचा हिशेब असा की त्या काळच्या कॅलिफोर्नियातल्या स्पॅनिश बोलणाऱ्या वस्तीत निदान पाचातला एक आफ्रिकी वंशाचा होता. १७८१ मध्ये लॉस एंजेलिस वसवणाऱ्या चव्वेचाळीस माणसांत तर अर्ध्याहून अधिक. आणि मग याद्यांत एक गंमत नव्हे, एक वेदना दिसते. नऊ वर्षांनी तीच माणसं पुन्हा मोजली गेली तेव्हा काहींची जात बदललेली. कालचा मुलातो आज मेस्तिसो. माणूस तोच, घर तेच, फक्त गुरं वाढली, शेत आलं, समाजात दोन पायऱ्या चढून झाल्या.

फेलिपे तापियाच्या एका मुलाला, होसे बार्तोलोमेला, पुढे मालिबूची जमीन मिळाली. हो, तेच मालिबू, जिथे आज हॉलिवूडच्या नटांचे बंगले आहेत. मुलगी इसिदोरा हिची लेक हुआना ब्रियोनेस. ही १८०२ ची. लिहिता-वाचता येत नव्हतं, पण झाडपाला जाणणारी, बाळंतपणं करणारी, मोडलेली हाडं बसवणारी बाई. नवरा मारझोड करायचा म्हणून वेगळी झाली. १८४४ मध्ये सांता क्लारा मिशनमधल्या एका मूळनिवासी माणसाकडून तिने आजच्या लॉस आल्टोस हिल्स भागात सुमारे चार हजार चारशे एकर जमीन विकत घेतली. अमेरिकेने कॅलिफोर्निया घेतल्यावर भल्याभल्यांच्या जमिनी कोर्टकचेऱ्यांत बुडाल्या. हिने सर्वोच्च न्यायालयापर्यंत लढून आपली राखली. पालो आल्टोत तिच्या नावाची शाळा आहे, बाग आहे. तिचं घर मात्र बरीच वर्षं वाद चालून २०११ मध्ये पाडलं गेलं.

मेक्सिकोच्या अमलातला कॅलिफोर्नियाचा शेवटचा गव्हर्नर पिओ पिको. त्याचीही आजी १७९० च्या यादीत मुलाता. लॉस एंजेलिसमधला लांबलचक पिको बुलेवार्ड त्याच्याच नावाचा.

ज्याच्या हाती जमीन आली, सत्ता आली, त्याचा आजा आफ्रिकी होता हे कागदावरून हळूहळू पुसलं गेलं. पुढच्या पिढ्यांनी ‘स्पॅनिश वंशाचे’ एवढंच सांगितलं. हे वाचलं आणि मला मुरूड आठवलं.

इथे मराठी शाळेत रविवारी मुलं येतात. शिवाजी महाराजांची गोष्ट त्यांना पाठ असते, अफजलखान पाठ असतो, आणि एकदा तरी मुरूडचा जंजिरा येतोच : आफ्रिकेतून आलेल्या हबशांचा, म्हणजे सिद्दींचा, कधीही न जिंकता आलेला किल्ला. आपण लहानपणी ही गोष्ट ऐकली तेव्हा आपल्याला जो प्रश्न पडला नाही, तो इथल्या मुलांना पडतो. कारण त्यांनी शाळेत अमेरिकेतल्या गुलामगिरीचा इतिहास वाचलेला असतो, वर्गात आफ्रिकन अमेरिकन मित्र असतात. ती विचारतात, आफ्रिकेतली माणसं मुरूडच्या किल्ल्यात आली कशी? कोणी आणली? आणि ती आता कुठे आहेत? तिसरा प्रश्न सगळ्यांत अवघड. त्याच्या उत्तरासाठी हा लेख.

आली कशी, हे सांगणं तुलनेने सोपं. इथिओपियाच्या डोंगराळ मुलखातून आणि पूर्व आफ्रिकेच्या किनाऱ्यावरून पोरं धरून आणली जात. लाल समुद्र ओलांडून येमेनमधल्या मोखाच्या बाजारात, तिथून बगदादला, किंवा थेट पश्चिम हिंदुस्थानच्या बंदरांत. दख्खनच्या सुलतानांना असे गुलाम शिपाई हवे असत. ज्याला इथे भाऊबंद नाहीत, वतन नाही, तो धन्याशीच निष्ठा ठेवील हा त्यामागचा हिशेब. अमेरिकेतल्या कापसाच्या मळ्यांपेक्षा ही गुलामी वेगळी होती. इथे गुलामाचा सरदार होई, सरदाराचा वजीर. म्हणून ती सौम्य होती असं मात्र कोणी म्हणू नये. आईच्या कुशीतून उचललेलं पोर तिथेही पोरच होतं. कितीतरी मुलगे खच्ची केले जात आणि त्यांतले कितीतरी त्यातच मरत.

त्या वाटेने आलेला सगळ्यांत मोठा माणूस मलिक अंबर. जन्म १५४८ च्या सुमाराचा, मूळ नाव चापू. मोखा, बगदाद असे धनी बदलत तो १५७० च्या दशकाच्या सुरुवातीला अहमदनगरला आला. तिथे त्याला विकत घेणारा निजामशाहीचा पेशवा चंगीझखान, आणि हा चंगीझखान स्वतः हबशी, एकेकाळचा गुलाम. धनी मेल्यावर अंबर मोकळा झाला. १६०० मध्ये अहमदनगरचा किल्ला मोगलांनी घेतला तरी अंबरने परांड्याला निजामशाहीचा एक वारस गादीवर बसवला आणि पुढची पंचवीस वर्षं अकबर आणि जहांगीर या दोघांच्या फौजांना दख्खनच्या डोंगरांत फिरवून फिरवून दमवलं. जहांगिराचा इतका जळफळाट झाला की अबुल हसन या चित्रकाराकडून त्याने एक चित्र काढून घेतलं : बादशहा पृथ्वीगोलावर उभा राहून भाल्यावर खोचलेल्या अंबरच्या मुंडक्याला बाण मारतोय. प्रत्यक्षात अंबर त्याच्या हाती कधीच लागला नाही. ते चित्र आज डब्लिनच्या चेस्टर बीटी संग्रहालयात आहे.

अंबरच्या फौजेत मराठे होते. शहाजीराजे होते. १६२४ च्या भातवडीच्या लढाईत मोगल आणि आदिलशाही अशा दोन फौजांचा एकत्र पराभव झाला. शहाजीराजांचे धाकटे भाऊ शरीफजी त्याच लढाईत कामी आले. गनिमी काव्याचं जे युद्धशास्त्र आपण अभिमानाने सांगतो, ते ज्यांनी घडवलं त्यांच्यात हा हबशी पहिल्या ओळीत आहे. खडकी, म्हणजे आजचं छत्रपती संभाजीनगर, हे शहर त्याने वसवलं, डोंगरातलं पाणी खापरी नळांनी गावात आणलं, नहर-ए-अंबरी तीच. जमिनीची प्रतवारी करून सारा ठरवण्याची त्याची पद्धत पुढे कितीतरी काळ नावाजली गेली. १६२६ मध्ये तो गेला, खुलदाबादला त्याची कबर आहे. शिवभारतात कवींद्र परमानंदाने त्याच्याबद्दल आदराने लिहिलं आहे. शिवकाळातल्या कवीला त्याचा आदर करताना संकोच वाटला नाही. आपल्याला का वाटावा?

कारण मधे जंजिरा उभा आहे.

जंजिऱ्याशी मराठ्यांचं वैर खोटं नव्हतं, ते कमी करून सांगण्यात अर्थ नाही. राजपुरीच्या खाडीच्या तोंडाशी कोळ्यांचा मेढेकोट होता, तो निजामशाहीच्या माणसाने कपटाने घेतला, आणि कालांतराने तिथल्या हबशी सरदारांनी आपलं राज्य उभं केलं. शिवाजी महाराजांनी समोरच्या कांसा खडकावर पद्मदुर्ग बांधला. संभाजीराजांनी १६८२ च्या सुमारास किनाऱ्यापासून किल्ल्यापर्यंत समुद्रात भराव घालायला घेतला. सिद्दींनी कोकणातली गावं लुटली, माणसं धरून विकली. बाळाजी आवजी चिटणीसांच्या वडिलांना सिद्दीने मारलं आणि आई-मुलांना विकायला काढलं, ही हकीकत प्रसिद्ध आहे. सिद्दी सातने १७२७ मध्ये परशुरामाचं देऊळ उद्ध्वस्त केलं. १७३६ मध्ये चिमाजीअप्पांच्या हातून तो मारला गेला.

पण त्याच इतिहासाचं दुसरं पान आपण उलटत नाही. पन्हाळ्याला वेढा घालणारा सिद्दी जौहर शाळकरी पोरालाही ठाऊक असतो. तो वेढा फोडायला नेताजी पालकरांबरोबर महाराजांकडून धावून गेलेला सिद्दी हिलाल किती जणांना ठाऊक आहे? त्याचा मुलगा सिद्दी वाहवाह त्या लढाईत जखमी होऊन शत्रूच्या हाती पडला. हबशी दोन्ही बाजूंना होते, जसे मराठे दोन्ही बाजूंना होते. मराठ्यांच्या बाबतीत आपण हे समजून घेतो. मोगलांकडच्या मराठा सरदाराला आपण परका ठरवत नाही, फार तर चुकलेला म्हणतो. सिद्दी मात्र परकाच राहतो. गुलामीचंही तेच. पेशवाईत बटकी आणि कुणबिणी विकल्या-घेतल्या जात होत्या, सरकारी दप्तरांत त्यांचे भाव नोंदलेले आहेत. माणूस विकण्याचं पाप एकट्या हबसाणच्या माथ्यावर मारता येत नाही.

हबसाण. रायगड जिल्ह्यातली जुनी माणसं जंजिरा संस्थानच्या मुलखाला अजून असं म्हणतात. सुरुवातीला इथली गादी बापाकडून मुलाकडे आपोआप जात नसे. हबशी सरदारांतला जो कर्तबगार तो पुढे येई. पुढे नबाब झाले, तोफांच्या सलाम्या आल्या, मुरूडला अहमदगंज राजवाडा झाला. मार्च १९४८ मध्ये संस्थान विलीन झालं. किल्ल्यातली वस्ती उठली. आज राजपुरीच्या धक्क्यावरून शिडाच्या होडीतून पर्यटक जातात, दरवाज्यावरचा हत्ती पंजात दाबलेला शरभ पाहतात, कलालबांगडी तोफेबरोबर फोटो काढतात आणि परत येतात. थोड्याच अंतरावर खोकरी आहे. तिथे सिद्दी राज्यकर्त्यांचे दगडी घुमट आहेत, कोरीव जाळ्यांचे, दख्खनी घडणीचे. ते किल्ल्याच्या मानाने फार कमी लोक पाहतात. किल्ल्यात शत्रू भेटतो. खोकरीला गेलं की जाणवतं, ही माणसं इथेच जगली आणि इथल्याच मातीत पुरली गेली.

जंजिऱ्याच्या नबाबांना त्यांच्या आफ्रिकी मुळाबद्दल कोणी हिणवलं नाही. राजा होता, संपलं. पिओ पिकोला जे जमलं तेच इथे. नबाब सिद्दी अहमदखान यांची बेगम नाझली ही मुंबईच्या तय्यबजी-फैजी घराण्यातली. लेखिका अतिया फैजी हिची थोरली बहीण. या बहिणींचा जन्म इस्तंबूलचा. वडील तिथे व्यापार करत. १९०८ मध्ये नबाब, बेगम आणि अतिया युरोपच्या प्रवासाला निघाले आणि इस्तंबूललाही गेले. नाझली बेगमने त्या प्रवासाचं उर्दू पुस्तक लिहिलं, ‘सैर-ए-युरोप’. आफ्रिकेतून आणलेल्या माणसांच्या वंशातला एक राज्यकर्ता पाहुणा म्हणून त्या शहरात गेला, आणि त्याच काळात त्याच शहरातल्या श्रीमंत घरांत आफ्रिकेतून आणलेल्या बायका दायीचं, स्वयंपाकाचं काम करत होत्या.

त्या बायकांचं पुढे काय झालं, हे तुर्कस्तानने जवळजवळ शंभर वर्षं विचारलं नाही. इस्तंबूलचा गुलामांचा बाजार १८४७ मध्ये बंद झाला, आफ्रिकी गुलामांच्या व्यापारावर १८५७ मध्ये बंदी आली, तरी चोरटी आयात चालूच राहिली. सुटका झालेल्यांना इझमीरच्या आसपासच्या खेड्यांत वसवलं गेलं. तोर्बाली, तिरे, बायंदिर या भागांत कापूस आणि तंबाखूच्या शेतांवर ती राबली. ती मुसलमान होती, तुर्की बोलत होती. प्रजासत्ताक आल्यावर सगळेच तुर्क ठरले, १९३४ च्या कायद्याने सगळ्यांना आडनावं मिळाली. कागदावर ती कुणापेक्षाही वेगळी नव्हती. रस्त्यावर मात्र लोक वळून बघत आणि विचारत, तू मूळचा कुठला?

मुस्तफा ओल्पाक या माणसाने हा प्रश्न अंगावर घेतला. जन्म १९५३, एजियन समुद्राच्या काठचं आयवालिक हे गाव, व्यवसाय संगमरवराचं काम. त्याचे पूर्वज केनियातून धरून क्रीट बेटावर विकले गेले होते. क्रीटमधले मुसलमान घरात ग्रीक बोलत. १९२३ च्या लोझानच्या कराराने ग्रीस आणि तुर्कस्तानने माणसांची अदलाबदल केली, आणि निकष होता फक्त धर्म. म्हणजे केनियातलं मूळ, ग्रीक बोलणारं घर, आणि मुसलमान म्हणून तुर्कस्तानात आणून सोडलेलं. ओल्पाकने आपल्या घराण्याची कथा २००५ मध्ये पुस्तकरूपाने छापली. २००६ मध्ये आफ्रिकी वंशाच्या लोकांची संघटना काढली, आणि २००७ मध्ये वासराचा सण, दाना बायरामी, इझमीरजवळ पुन्हा सुरू केला. एकोणिसाव्या शतकात तिथले आफ्रिकी लोक वसंतात हा सण करत. वासराला सजवून दारोदार मिरवत. गोद्या म्हणवल्या जाणाऱ्या वडीलधाऱ्या बायका त्याचं सगळं बघत. तो विसाव्या शतकात बंद पडला होता. ओल्पाक म्हणत असे की पहिली पिढी भोगते, दुसरी नाकारते, तिसरी शोधायला निघते. २०१६ मध्ये तो गेला. त्याने काही मागितलं असेल तर एवढंच, की आम्ही तुर्क आहोत, आणि आमची आजी आफ्रिकेतून आली होती, ही दोन्ही वाक्यं एका दमात म्हणता यावीत.

ही मागणी साधी वाटते. ती किती अवघड आहे हे अमेरिकेत राहून कळतं. इथे जनगणनेत, नोकरीच्या अर्जात, मुलाच्या शाळेच्या प्रवेशपत्रात वंशाचा रकाना असतो. ‘एशियन इंडियन’ ही वेगळी नोंद १९८० पासून आली. २००० पासून एकाहून अधिक रकान्यांत खूण करता येते. २०२४ मध्ये सरकारने मध्यपूर्व आणि उत्तर आफ्रिका असा आणखी एक रकाना ठरवला. इझमीरचा आफ्रिकी तुर्क इथे नोकरीला आला तर त्याने खूण कुठे करायची? आणि कर्नाटकातल्या हल्याळचा सिद्दी सांता क्लारात आला तर? व्याख्येप्रमाणे तो दोन्हीकडे खूण करू शकतो. अर्ज भरून होईल. पण मराठी मंडळाच्या गणपतीला तो आला तर आपण त्याला काय विचारू, हे मला माहीत आहे. आपणही तेच विचारू : तुम्ही मूळचे कुठले?

आता नाशिक. मराठी मुलखातल्या आफ्रिकी माणसांची मला सगळ्यांत जवळची वाटणारी गोष्ट इथली आहे.

नाशिकच्या शरणपूर रोडवरून रोज हजारो माणसं जातात. हे शरणपूर म्हणजे चर्च मिशनरी सोसायटीने १८५० च्या दशकात वसवलेलं ख्रिस्ती गाव. विल्यम सॉल्टर प्राइस या मिशनऱ्याने त्याची उभारणी केली. त्या काळी ब्रिटिश आरमार अरबी समुद्रात गुलाम नेणारी गलबतं पकडत असे. त्यांतून सोडवलेली आफ्रिकी मुलं मुंबईत आणली जात. या मुलांचं करायचं काय? काहींना मिशनांकडे सोपवलं गेलं, आणि १८६० पासून शरणपूरच्या ‘आफ्रिकन असायलम’मध्ये ती वाढली. सुतारकाम, लोहारकाम, इंग्रजी, बायबल. कोणी याओ, कोणी माकुआ. आठ-दहा वर्षांचं पोर, आई-बाप कुठे ते ठाऊक नाही, नाव मिशनने दिलेलं, आणि आजूबाजूला गोदावरीकाठचं नाशिक.

आफ्रिकेचा शोध घेणारा डेव्हिड लिव्हिंगस्टन शेवटच्या मोहिमेवर निघाला तेव्हा त्याने नाशिकची नऊ मुलं बरोबर घेतली. १८७२ मध्ये त्याच्या मदतीला जी दुसरी तुकडी गेली तिच्यात आणखी काही नाशिककर होते. त्यांतला एक जेकब वेनराइट. १ मे १८७३ रोजी लिव्हिंगस्टन आजच्या झांबियात चितांबोच्या गावी वारला. त्याच्या माणसांनी जे केलं त्याला तोड नाही. काळीज झाडाखाली पुरलं, देह उन्हात वाळवला, झाडाच्या सालीत आणि कापडात गुंडाळला आणि हजाराहून अधिक मैल चालत समुद्रकिनाऱ्यावर आणला. चुमा आणि सुसी हे त्यांचे पुढारी. चुमा काही काळ मुंबईत डॉ. जॉन विल्सन यांच्या शाळेत होता. अंत्यविधीची प्रार्थना वाचली ती जेकब वेनराइटने, आणि झाडावर नाव-तारीख कोरली तीही त्यानेच. अक्षर शरणपूरला शिकलेलं. शव घेऊन तो इंग्लंडला गेला. १८ एप्रिल १८७४ रोजी वेस्टमिन्स्टर ॲबीत लिव्हिंगस्टनची शवपेटी ज्यांनी धरली त्यांच्यात नाशिकला शिकलेला हा तरुण होता.

नंतरची कथा आणखी बोलकी आहे. मुंबईचे माजी गव्हर्नर बार्टल फ्रिअर यांच्या पुढाकाराने मोम्बासाजवळ सुटका झालेल्या गुलामांची वसाहत उभी राहिली, फ्रिअर टाउन. तिथे शिक्षक, सुतार, दुभाषे हवे होते. प्राइसच तिकडे गेला, आणि शरणपूरची दीडशेच्या आसपास माणसं १८७५ च्या सुमारास तिकडे पोचली. आफ्रिकेतून आलेली आफ्रिकेत परत. पण घरी गेली का? तिथल्या लोकांनी त्यांना नाव दिलं ‘बॉम्बे आफ्रिकन’. त्यांचे कपडे वेगळे, बोलण्याची ढब वेगळी, शिक्षण जास्त. गोऱ्या मिशनऱ्यांना ती फार ताठ वाटत. पगारावरून, मानापमानावरून खटके उडत. किनाऱ्यावरच्या आफ्रिकींना ती परकी वाटत. नाशिकला आफ्रिकी, मोम्बासाला मुंबईकर. तरी याच माणसांनी पूर्व आफ्रिकेतल्या सुरुवातीच्या काही शाळा चालवल्या. विल्यम जोन्स आणि इश्माएल सेमलर हे दोघे १८८५ मध्ये धर्मोपदेशक झाले. पळून आलेल्या गुलामांना राबाईच्या वस्तीत आसरा देण्यात जोन्सचा मोठा वाटा होता. लिव्हिंगस्टनच्या तुकडीतला मॅथ्यू वेलिंग्टन, तोही नाशिकचा, १९३५ पर्यंत मोम्बासात होता. फ्रिअर टाउनची घंटा अजून तिथे आहे, आणि त्या चौकाला लोक केंगेलेनी म्हणतात, घंटेपाशी. लंडनच्या रॉयल जिऑग्राफिकल सोसायटीने २००७ मध्ये या ‘बॉम्बे आफ्रिकनां’वर प्रदर्शन भरवलं.

परदेशात राहणारा मराठी माणूस ही गोष्ट सहज समजू शकेल असं मला वाटतं. इथे इंडियन, तिकडे गेल्यावर अमेरिकावाले. फरक एवढाच, आणि तो फार मोठा फरक आहे, की आपण विमानाचं तिकीट काढून आलो. ती माणसं गलबताच्या तळातून आली होती.

आणि आज? सीमाभागातल्या खानापूरच्या जंगलपट्ट्यात, उत्तर कन्नडमधल्या हल्याळ, यल्लापूर, मुंडगोड, अंकोला भागांत सिद्दींच्या वाड्या आहेत. यांचे बरेचसे पूर्वज पोर्तुगीजांनी गोव्यात आणलेले. धन्याच्या जाचातून घाट चढून रानात आलेले. त्यांच्यात हिंदू आहेत, मुसलमान आहेत, ख्रिस्ती आहेत. बोलीत कोंकणी, मराठी, कानडी, उर्दू मिसळलेली. हल्याळ-खानापूरचा हा पट्टा मराठी कानाला मुळीच परका नाही. २००३ मध्ये उत्तर कन्नडमधल्या सिद्दींना अनुसूचित जमातीचा दर्जा मिळाला. २०२० मध्ये शांताराम सिद्दी कर्नाटकच्या विधान परिषदेवर नियुक्त झाले, त्या समाजातले पहिले. त्याआधी १९८७ मध्ये भारतीय क्रीडा प्राधिकरणाने सिद्दी मुलांना धावपटू करण्याची योजना काढली. आफ्रिकी रक्त म्हणजे पदकं मिळतीलच, असा त्यामागचा विचार. काही मुलांनी राष्ट्रीय पातळीवर पदकं मिळवलीही. काही वर्षांनी योजना बंद झाली आणि मुलं रानात परतली. देशाला त्यांचे पाय हवे होते, ती हवी होती असं दिसत नाही.

त्यांच्या बायका कवंदी शिवतात. जुन्या साड्यांचे, परकरांचे तुकडे एकावर एक ठेवून कडेपासून मधल्या भागाकडे वळत वळत धावदोऱ्याची शिवण. आपल्या वाकळीसारखीच, पण रंग अंगावर येणारे; मध्ये मुलासाठी छोटे-छोटे चौकोन, ख्रिस्ती घरातली असेल तर कुठेतरी क्रूस, मुसलमान घरातली असेल तर चंद्रकोर. शेवटी चारही कोपऱ्यांवर कापडाच्या त्रिकोणी घड्या शिवतात, त्यांना फुला म्हणतात. फुला नसल्या तर कवंद नागडी राहिली असं मानतात. हेन्री ड्रूअल या कला-अभ्यासकाने या कवंदी गोळा केल्या, आणि सॅन फ्रान्सिस्कोतल्या म्युझियम ऑफ द आफ्रिकन डायस्पोरामध्ये त्या भिंतीवर लागल्या. सांता क्लारापासून तासाभराच्या अंतरावर. अमेरिकेतल्या प्रेक्षकाने त्यांच्यात आफ्रिका पाहिली, आणि त्यात चूक काही नाही. पण कोणत्याही मराठी बाईने ती शिवण एकदा बघावी. तिला तिच्यात आजीची गोधडी दिसेल, आणि तेही तितकंच खरं असेल.

म्हणून मुलांच्या त्या तिसऱ्या प्रश्नाला माझं उत्तर आहे : ती इथेच आहेत. मुरूडला आहेत, मुंबईत डोंगरीला आहेत, खानापूरला आहेत. सत्ता असलेल्यांचं मूळ आपण विसरलो आणि रानातल्यांना मूळच तेवढं चिकटवून ठेवलं. ठरवणारे दोन्ही वेळा आपणच होतो, ते नव्हेत. आपण त्यांना आपलं म्हणावं यासाठी त्यांनी आणखी किती शतकं इथे राहायचं? पाच झाली.

२०२४ मध्ये सॅन होजेत बृहन्महाराष्ट्र मंडळाचं अधिवेशन झालं. मराठी माणसं जगभरातून आली, मराठीपणाचा सोहळा झाला. पुढच्या अधिवेशनांत, संमेलनांत, मराठी शाळांच्या पाठांत दोन-तीन गोष्टी घालता येतील. सिद्दी जौहर शिकवताना सिद्दी हिलालही शिकवावा. मलिक अंबर शहाजीराजांच्या चरित्रातला पाहुणा म्हणून येतो, तो महाराष्ट्राच्या इतिहासातला कर्ता पुरुष म्हणून यावा. सीमाभागातल्या मराठी संस्थांनी साहित्याच्या मांडवात खानापूरच्या सिद्दींना बोलवावं, नाचायला नव्हे, बोलायला. आणि नाशिककरांना माझी विनंती आहे : शरणपूर रोडवर जेकब वेनराइटच्या नावाचा एक दगड बसवा, आणि त्यावर तो कुठे जन्मला याच्या आधी तो कुठे शिकला हे लिहा.